मावशीवरची फिल्म पहिली नको

तुझं पत्र दोनदा वाचलं. मानसशास्त्राचं शेवटचं वर्ष आहे, गुन्ह्यांवर माहितीपट करायचेत, बाबा म्हणतात आधी बी.एड. कर. आणि अगदी शेवटी, जाता जाता लिहावं तसं, की बारा वर्षांपूर्वी मावशीचा खून झाला, घरात कुणी त्यावर बोलत नाही आणि पहिली फिल्म तिच्यावरच करायची आहे.

आजीचा प्रसंग तू तीन ओळींत उरकलास. मोबाइल समोर ठेवून तिला मावशीबद्दल विचारलंस. ती बोलता बोलता उठली आणि मावशीच्या शिलाई मशीनवरची धूळ पदराने पुसत राहिली. तू रेकॉर्डिंग बंद केलंस. ‘माझं चुकलं का?’ असं विचारतेस. नाही गं, अजिबात नाही. कॅमेरा कधी बंद करायचा हे पुष्कळांना वर्षानुवर्षं उमगत नाही.

तरीही मावशीवरची फिल्म आत्ता नको. आजी नातीला ‘नाही’ म्हणू शकत नाही, मग तिचा होकार खरा कसा धरायचा? शिवाय लोफ्टस आणि पामर या मानसशास्त्रज्ञांचा आठवणींवरचा 1974 चा प्रयोग तू अभ्यासला असशील. अपघाताची फिल्म दाखवून काहींना विचारलं, गाड्या ‘आदळल्या’ तेव्हा वेग किती होता? काहींना विचारलं, एकमेकींना ‘लागल्या’ तेव्हा किती होता? आठवड्याने पहिल्या गटातल्या जास्त लोकांना फुटलेली काच आठवली. फिल्ममध्ये काच नव्हतीच. तुझ्या प्रश्नातला एक शब्दही आजीच्या आठवणीत असंच काही घालू शकतो.

म्हणून आधी ऐकायला आणि कागद वाचायला शीक. माहितीपटकार एरॉल मॉरिस यांनी काही काळ खासगी गुप्तहेर म्हणून काम केलं होतं. डल्लासमधल्या पोलिसाच्या खुनात शिक्षा भोगणाऱ्या रँडल ॲडम्सच्या खटल्यातले साक्षीदार किती डळमळीत आहेत, हे त्यांच्या ‘द थिन ब्लू लाइन’ने 1988 मध्ये दाखवलं. 1989 मध्ये ॲडम्स सुटला.

सुट्टीत तुमच्या जिल्हा न्यायालयात जाऊन बस. फौजदारी सुनावणी सहसा खुली असते. खटल्याच्या कागदांच्या नकलेचा अर्ज कसा करतात ते एखाद्या वकिलाकडून समजून घे. बलात्कारपीडितेची ओळख उघड करणं गुन्हा आहे, भारतीय न्याय संहितेचं कलम 72 पाठ असू दे.

पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट संस्थेत दिग्दर्शनासाठी कोणत्याही शाखेची पदवी चालते, प्रवेश परीक्षा मात्र कठीण आहे. दिल्लीच्या जामिया मिलियातलं मास कम्युनिकेशनही बघ. बाबांना खरं सांग, की नुसत्या माहितीपटांवर घर चालवणं अवघड आहे. संकलन शिकलीस तर पोटापाण्याची सोय होईल. पण संकलकाला तेच रडणं चाळीस वेळा ऐकावं लागतं आणि तुझ्या घरात ते आधीच साठलेलं आहे. तेव्हा स्वतःसाठी एखाद्या समुपदेशकाशी बोलायला आत्तापासून सुरुवात कर.

आजीकडे जात राहा, मोबाइल न काढता. ते मशीन अजून चालतं का, एवढंच विचार.