"यादीत नाव होतं, मॅडम"

भरती रद्द झाली. आता कोर्टात जायचं की पुन्हा अभ्यासाला बसायचं? शिक्षक भरतीतली मुलंमुली हाच प्रश्न घेऊन माझ्याकडे समुपदेशनाला येतात. वरवर दोनच वाटा दिसतात, पण ठसठसत असतं तिसरंच काही. ओळख पटू नये म्हणून तपशील बदलून एकीबद्दल लिहिते.

वय एकतीस, डी.एड., टीईटी म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षा पास. निवड यादीत नाव लागलं, कागदपत्रांची पडताळणी झाली, घरी पेढे वाटून झाले आणि गैरप्रकाराच्या तक्रारींवरून सगळी प्रक्रियाच रद्द. "यादीत नाव होतं, मॅडम. नोकरी माझीच होती," हे ती पुन्हा पुन्हा म्हणत होती.

अशा वेळी नुसता धीर देणं मला पटत नाही. यादीत नाव आलं म्हणजे नेमणुकीचा पक्का हक्क मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 1991 मध्येच शंकरसन दाश प्रकरणात सांगितलंय. मात्र त्याच निकालाप्रमाणे सरकारलाही मनमानी करता येत नाही. पदं न भरण्याला सयुक्तिक कारण लागतं. हे दोन्ही अर्धे मी तिच्यापुढे एकत्रच ठेवले. ती गप्प झाली.

"रद्दचा आदेश वाचलास?"

"व्हॉट्सअ‍ॅपवर आला होता. पहिल्या ओळीच्या पुढे वाचवलाच नाही."

पुढच्या भेटीला तिने त्याची प्रिंट आणली, दोन पानं. मी पेन्सिल दिली. "तुझ्यावर आरोप जिथे असेल तिथे खूण कर."

तिने दोनदा वाचला. एकही खूण झाली नाही. "यात माझं नावच नाही," असं म्हणाली आणि रडायला लागली. बऱ्याच वेळाने खरं बाहेर आलं. मावशीने चारचौघांत विचारलं होतं, "पैसे भरले होतेस का गं?"

तिला याचिका हवी होती ती नोकरीपेक्षा या प्रश्नाच्या उत्तरासाठी. 'ही मुलगी खोटी नाही' असं न्यायाधीशांच्या तोंडून तिला ऐकायचं होतं. पण कोर्ट ते तपासतच नाही. रद्द करण्यामागे पुरावा काय होता, दोषी आणि निर्दोष उमेदवार वेगळे काढता आले असते का, हे तिथे पाहिलं जातं. वेगळे काढणं शक्य असताना सगळ्यांना एकाच मापाने मोजलं, तर निर्णय टिकणं अवघड. घोळ मुळापर्यंत गेला असेल तर निर्दोषही भरडले जातात: 3 एप्रिल 2025 रोजी पश्चिम बंगालमधल्या पंचवीस हजारांहून जास्त नेमणुका सर्वोच्च न्यायालयाने रद्दच ठेवल्या. मूळ उत्तरपत्रिकाच उरल्या नव्हत्या.

"म्हणजे प्रामाणिक असूनही मी हरू शकते?"

"हो. म्हणून चारित्र्याचा दाखला तिथे मागू नकोस."

त्या दिवशी ती खुर्चीत पहिल्यांदा मागे टेकून बसली. नोकरी मिळावी ही इच्छा आहे, ती माणसाला कामाला लावते. मिळालीच पाहिजे, नाहीतर मी कुणीच नाही, हा हट्ट. तोच झोप उडवतो. माझं सगळं काम या दोहोंमधल्या फरकावर उभं आहे आणि तो फरक तिला आपणहून दिसला याचा मला आनंद आहे.

एकदा हे सुटलं की बाकीची कामं हाताशी येतात. जाहिरात, शुद्धिपत्रकं, गुणपत्रक, निवड यादी, पडताळणीची पोच आणि रद्दचा आदेश, सगळ्याच्या प्रती तारखेसह काढून ठेवा. संकेतस्थळावरची यादी कधी गायब होईल सांगता येत नाही. माहिती अधिकारात चौकशी अहवाल आणि निर्णयाच्या नस्तीवरचे, म्हणजे फाइलवरचे, शेरे मागा. उत्तराची मुदत 30 दिवस. निवेदन द्या, आवक क्रमांक घ्या, पण निवेदनांवर निवेदनं देत वर्ष घालवू नका. उच्च न्यायालयातल्या रिट याचिकेला ठरावीक मुदत नसली तरी उशिराचा जाब विचारला जातो. केंद्रीय विद्यालयाची भरती असेल तर केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात जावं लागतं आणि तिथे साधारण एका वर्षाची मुदत आहे. गटाने लढत असाल तर वर्गणीची पावती आणि याचिकेचा क्रमांक मागून घ्या. तो क्रमांक टाकून तारखा स्वतः बघा, ग्रुपवरच्या अफवांवर विसंबू नका. नवी जाहिरात आली तर अर्ज भराच. याचिकेतला हक्क राखून अर्ज करत आहोत, हे वकिलामार्फत लेखी नोंदवा. वयाची अट ओलांडली जात असेल तर सवलतीची मागणी याचिकेतच घाला.

तिने चौदा जणांबरोबर याचिका दाखल केली. केसचं काम फक्त रविवारी, दोन तास. मावशीला ती आदेशाची प्रिंट घेऊन भेटून आली. काय बोलणं झालं ते तिने सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. शेवटच्या भेटीत तिची वही उघडी होती. वर पुढच्या सुनावणीची तारीख, खाली शिक्षक भरतीच्या अभियोग्यता चाचणीच्या सरावाचे गुण.