पडदा काळा, तरी संगणकाला चाहूल

प्रश्न : अपडेट अर्धवट थांबल्यापासून माझा फोन सुरू होत नाही. विंडोज संगणकाला जोडला की ‘टुंग’ असा आवाज येतो आणि डिव्हाइस मॅनेजरमध्ये पिवळ्या उद्गारचिन्हासह ‘क्यूएचएसयूएसबी बल्क’ हे नाव दिसते. लॅमिंग्टन रोडवरील एका दुकानदाराने बोर्ड बदलण्यास सांगितले आहे. ड्रायव्हर टाकून फोन वाचेल का? – एक वाचक, गिरगाव

उत्तर : बोर्ड बदलण्याची घाई करू नका. हे नाव क्वालकॉम कंपनीच्या चिपच्या आणीबाणीच्या डाउनलोड अवस्थेचे आहे. म्हणजे अँड्रॉइड सुरू होत नसले, तरी चिपमधील मूळ प्रोग्रॅम यूएसबीवरून संगणकाशी बोलतो आहे. उद्गारचिन्ह एवढेच सांगते, की विंडोजजवळ त्याचा ड्रायव्हर नाही. आधी पॉवरचे बटण वीस-तीस सेकंद दाबून पाहा. कधी कधी तेवढ्यानेच फोन उठतो. न उठल्यास क्वालकॉमचा डिजिटल स्वाक्षरी असलेला ड्रायव्हर टाका, म्हणजे डिव्हाइस मॅनेजरमधील ‘पोर्ट्स’ या गटात ‘क्यूडीलोडर ९००८’ असे नाव उमटेल. मात्र ड्रायव्हर हा केवळ दुभाषा असून दुरुस्ती करतो तो त्यानंतर भरला जाणारा, नेमक्या तुमच्याच मॉडेलचा फर्मवेअर (फोन चालवणारे मूळ सॉफ्टवेअर), आणि अनेक कंपन्यांच्या फोनमध्ये त्यासाठी लागणारा स्वाक्षरीयुक्त लोडर, म्हणजे फर्मवेअर भरून देणारा छोटा प्रोग्रॅम, अधिकृत सेवाकेंद्राबाहेर सहसा मिळत नाही. फर्मवेअर भरताना फोटो बहुधा पुसले जातात. त्यांची प्रत नसेल, तर हे काम कोणाकडेही सोपवण्यापूर्वी फोटो पुसले जातील का, हे स्पष्ट विचारा.