सर क्रीकचा निकाल लागेपर्यंत भावानं तुरुंगातच राहायचं का?

प्रश्न (थोडक्यात): मी तलासरी तालुक्यातली आहे, आदिवासी आहे. माझा धाकटा भाऊ गुजरातमधल्या ओख्याच्या बोटीवर खलाशी होता. गेल्या वर्षी दिवाळीनंतर पाकिस्तानच्या सागरी सुरक्षा दलानं बोट पकडली. तो कराचीच्या मलीर तुरुंगात आहे. त्याचं एकच पत्र आलं, त्यात शिक्षा भोगून झाली असं लिहिलंय. बोटमालक म्हणतात, बोट आपल्याच हद्दीत होती, पण सर क्रीक खाडीचा भारत-पाकिस्तान वाद मिटेपर्यंत कोणी सुटणार नाही. बोट हद्दीबाहेर गेली नव्हती, अशा प्रतिज्ञापत्रावर ते माझी सही मागतायत. मुंबईतला एक जण म्हणतो, ऐंशी हजार रुपये द्या, हेगच्या कोर्टात केस टाकतो. काय करू?

उत्तर:

ताई, आधी दोन गोष्टी. ऐंशी हजार रुपये कोणालाही देऊ नका आणि त्या प्रतिज्ञापत्रावर सही करू नका.

हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात फक्त देश वादी-प्रतिवादी होऊ शकतात. तुम्ही, मी, बोटमालक किंवा एखादी संस्था तिथं अर्जसुद्धा करू शकत नाही. त्यामुळे तुमच्या नावानं तिथं केस टाकतो म्हणणारा माणूस तुम्हाला फसवतो आहे. भारत सरकारलाही हद्दीचा वाद तिथं नेणं सोपं नाही. या न्यायालयाचा अधिकार मान्य करताना भारतानं काही अपवाद लिहून ठेवले आहेत आणि राष्ट्रकुलातल्या देशांशी असलेले वाद त्यात मोडतात. पाकिस्तान राष्ट्रकुलात आहे. ऑगस्ट 1999 मध्ये सर क्रीकजवळच भारतीय हवाई दलानं पाकिस्तानी नौदलाचं विमान पाडलं, 16 जण ठार झाले. पाकिस्तान हेगला गेला. जून 2000 मध्ये न्यायालयानं याच अपवादावर बोट ठेवून आपल्याला अधिकारच नाही असं सांगितलं. शिवाय सिमला करारानंतर असे प्रश्न दोघांनी आपसात सोडवायचे, ही आपल्या सरकारची कायमची भूमिका आहे.

आता मालकांच्या म्हणण्याकडे येते. ते अर्धं खरं आहे, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

सर क्रीक ही कच्छ आणि सिंध यांच्यामधली सुमारे 96 किलोमीटर लांबीची भरती-ओहोटीची खाडी. भांडणाची सुरुवात 1908 साली काठावरच्या लाकूडफाट्यावरून झाली. एका बाजूला कच्छचे राव, दुसऱ्या बाजूला सिंध. सिंध तेव्हा मुंबई इलाख्यात होता, म्हणून निवाडा मुंबई सरकारनं केला. 1914 च्या त्या ठरावासोबतच्या नकाशात हद्दीची हिरवी रेघ खाडीच्या पूर्व काठावरून जाते. पाकिस्तान तीच धरून बसला आहे, म्हणजे त्यांच्या मते पूर्ण खाडी त्यांची. पण त्याच ठरावात खाडी जहाजं चालण्याजोगी असल्यानं हद्द जलमार्गाच्या मध्यातून धरावी, असंही म्हटलं आहे. नंतर 1925 च्या नकाशात रेषा मध्यातूनच दाखवली गेली आणि खांबही रोवले गेले. भारत त्यावर उभा आहे. एकाच कागदात दोन्ही पक्षांना हवं ते सापडतं, आणि म्हणून शंभर वर्षांनंतरही हा वाद संपलेला नाही.

आंतरराष्ट्रीय कायद्यात याला एक जुना नियम आहे. दोन देशांमध्ये नौकानयनाची नदी असेल आणि करारात वेगळं काही ठरलं नसेल, तर हद्द सर्वांत खोल प्रवाहाच्या रेषेनं जाते. त्या रेषेला थालवेग म्हणतात. दोन्ही देशांच्या नौकांना खोल पाण्यातून वाट मिळावी, हा त्यामागचा विचार. बोट्स्वाना आणि नामिबिया यांच्यातल्या नदीबेटाचा निकाल 1999 मध्ये हेगच्या न्यायालयानं याच तत्त्वावर दिला. इथं पाकिस्तान म्हणतो, ही खाडी मुळात नौकानयनाची नाहीच, मग हा नियम लावता कसा? भारत म्हणतो, भरतीला इथं मासेमारीच्या बोटी चालतात, आणखी काय हवं? माझ्या मते भारताची बाजू बळकट आहे. पण काठावर ठरवून आखलेली रेघ मान्य झाली असेल, तर थालवेगचा नियम बाजूला पडतो, हेही तितकंच खरं. वकील म्हणून मी हे तुमच्यापासून लपवणार नाही.

1965 च्या चकमकींनंतर कच्छच्या रणाची हद्द तीन जणांच्या न्यायाधिकरणाकडे गेली. 19 फेब्रुवारी 1968 च्या निवाड्यात जवळजवळ नव्वद टक्के रण भारताकडे राहिलं. पण खाडीच्या मुखापर्यंतचा भाग त्या न्यायाधिकरणापुढे नव्हताच, तिथली हद्द वादाबाहेरची आहे असं तेव्हा दोघांनीही धरलं होतं. नंतर तीच वादात आली. 2007 मध्ये दोन्ही देशांनी खाडीची मिळून पाहणीही केली, तोडगा मात्र निघाला नाही. खाडी समुद्राला मिळते तो बिंदूच ठरलेला नसल्यानं पुढं समुद्रात हद्द कुठून सुरू करायची हेही ठरलेलं नाही. ज्याला सगळे 'आंतरराष्ट्रीय सागरी सीमा' म्हणतात, ती या भागात दोघांनी सही केलेली रेषा नाही. तांडेलच्या, म्हणजे बोट चालवणाऱ्याच्या, जीपीएसवर दिसते ती रेघ आपल्या बाजूची आहे. समोरची गस्तीची बोट दुसरी रेघ बघून येते, आणि मधल्या पट्ट्यात जाळं टाकणारा खलाशी पकडला जातो.

इथपर्यंत मालक बरोबर आहेत. पण 'वाद मिटेपर्यंत कोणी सुटणार नाही' हे साफ चूक आहे. वाद मिटलेला नसतानाही माणसं सुटत आली आहेत. फेब्रुवारी 2025 मध्ये मलीरच्या तुरुंगातून 22 भारतीय मच्छीमार सुटून परतले. तुमच्या भावाला सोडवायला बोट कुठल्या बाजूला होती हे सिद्ध करण्याची गरज नाही, कारण त्याचा हक्क त्या रेषेवर अवलंबून नाही. तो दोन करारांवर आहे.

पहिला, 21 मे 2008 चा भारत-पाकिस्तान करार. एकमेकांच्या नागरिकाला अटक केली की तीन महिन्यांत आपल्या उच्चायुक्तालयाच्या माणसाला त्याला भेटू द्यायचं. शिक्षा संपली आणि तो आपला नागरिक असल्याची खात्री पटली की एका महिन्यात त्याला परत पाठवायचं. दरवर्षी 1 जानेवारी आणि 1 जुलैला दोन्ही देश कैद्यांच्या याद्या एकमेकांना देतात, त्या याच करारानुसार. पहलगामच्या हल्ल्यानंतर बरंच काही बंद पडलं, तरी 1 जुलै 2025 ला याद्या दिल्या-घेतल्या गेल्या. पाकिस्तानच्या यादीत 193 भारतीय मच्छीमार होते. त्याच दिवशी आपल्या सरकारनं शिक्षा पूर्ण झालेल्या 159 मच्छीमार आणि नागरिकांना सोडण्याची मागणी केली. हा आकडा मालकांना जरूर दाखवा. एवढी माणसं शिक्षा भोगून झाल्यावरही आत आहेत. सर क्रीकची रेषा उद्या ठरली म्हणून यांच्यातला कोणी सुटणार नाही. ते अडकले आहेत ते ओळख पटवण्यात, कागद इकडून तिकडे जाण्यात आणि दोन सरकारांच्या हटवादीपणात.

दुसरा करार म्हणजे 1982 चा संयुक्त राष्ट्रांचा समुद्र कायदा. भारतानं तो 1995 मध्ये आणि पाकिस्ताननं 1997 मध्ये मान्य केला. त्याचं कलम 73 तुमच्या कामाचं आहे. किनाऱ्यापासून 12 सागरी मैलांच्या पुढं, दोनशे मैलांपर्यंतच्या आर्थिक क्षेत्रात परदेशी बोट मासेमारीसाठी पकडली, तर वाजवी जामीन घेऊन बोट आणि खलाशी लगेच सोडायचे. त्या गुन्ह्याला तुरुंगवासाची शिक्षा देता येत नाही, दोन देशांनी तसं आपसात ठरवलं असेल तरच देता येते. आपल्या दोन देशांत तसं काही ठरलेलं नाही. म्हणून पकडलेल्या खलाशांवर मासेमारीच्या कायद्याबरोबर परकीय नागरिक कायदाही लावला जातो आणि शिक्षा त्याखाली होते. माझ्या मते हा कलम 73 ला वळसा आहे. पण लक्षात घ्या, बोट 12 मैलांच्या आत किंवा खाडीतच पकडली असेल, तर हे कलम लागू होत नाही. म्हणून बोट किनाऱ्यापासून किती मैलांवर होती, हे मालकांकडून लेखी घ्या. कुठल्या देशाच्या बाजूला होती, हा तुमच्या दृष्टीनं दुय्यम प्रश्न आहे.

याच कायद्याच्या कलम 292 खाली पकडलेली बोट आणि खलाशी सोडवण्यासाठी हॅम्बुर्गच्या समुद्र कायद्याच्या न्यायाधिकरणात दाद मागता येते, पण तीही फक्त बोटीचा ध्वज ज्या देशाचा, त्या देशाला किंवा त्यानं अधिकार दिलेल्याला. भारतानं ही वाट आजवर कधी वापरलेली नाही. आपल्या तुरुंगांतही पाकिस्तानी मच्छीमार आहेत, त्याच जुलैच्या यादीत 81 होते. त्यांच्या घरीही तुमच्यासारखीच कोणी बहीण वाट बघत असेल. दोन्ही सरकारं दुसऱ्याच्या गरीब माणसांना हातात धरून ठेवतात, याचा मला वकील म्हणून आणि माणूस म्हणूनही संताप येतो.

कोणी तुम्हाला कोस्टा रिका आणि निकाराग्वा यांच्या नदीचा 2009 चा निकाल दाखवला, तर त्यावर फार विसंबू नका. सान हुआन नदी पूर्ण निकाराग्वाची, तरी समोरच्या काठावरच्या लोकांना पोटापुरती मासेमारी करण्याचा परंपरागत हक्क आहे, असं हेगच्या न्यायालयानं तेव्हा मान्य केलं. निकाल फार चांगला आहे. पण ओख्याची बोट निर्यातीच्या मासळीसाठी जाते आणि डहाणू-तलासरीचा खलाशी त्या काठावरचा रहिवासी नाही. त्यामुळे तो आपल्याला लागू पडणार नाही.

मग करायचं काय? सर्वांत महत्त्वाचं काम ओळख पटवण्याचं. पाकिस्तानकडून नाव आलं की केंद्रीय गृह मंत्रालयामार्फत ते राज्याकडे आणि शेवटी तुमच्या पोलीस ठाण्यात चौकशीला येतं. तिथं कागद महिनोन्महिने पडून राहू शकतो. स्वतः ठाण्यात जा आणि भावाच्या नावाची चौकशी आली का, अहवाल कधी पाठवला, हे लेखी अर्ज देऊन विचारा. अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या. शाळा सोडल्याचा दाखला, आधार, रेशनकार्ड, मतदार ओळखपत्र, जातीचा दाखला आणि ग्रामपंचायतीचा रहिवासी दाखला यांच्या साक्षांकित प्रती सोबत जोडा. नावाचं स्पेलिंग आणि वडिलांचं नाव सगळीकडे सारखं आहे का ते नीट बघा. बोटीच्या कागदात एक आणि आधारवर दुसरं नाव असेल, तर दोन्ही नावांचा माणूस एकच असल्याचं प्रतिज्ञापत्र करा. हे प्रतिज्ञापत्र तुम्ही करू शकता, कारण ते तुम्हाला स्वतःला माहीत आहे. बोट समुद्रात कुठं होती हे तुम्हाला माहीत नाही, म्हणून मालकांच्या कागदावर सही करायची नाही. हद्द ओलांडल्याचं ठरलं तर बोटीच्या परवान्यावर कारवाई होऊ शकते. मालकांना त्याची काळजी असेल, पण तो भार तुम्ही उचलायचा नाही.

त्याच कागदांचा दुसरा संच परराष्ट्र मंत्रालयाला पाठवा आणि त्यांच्या 'मदद' पोर्टलवर तक्रार नोंदवा. कराचीतला आपला वाणिज्य दूतावास 1994 पासून बंद आहे, त्यामुळे भावाला भेटायला अधिकारी इस्लामाबादहून जावे लागतात. म्हणून अर्जात दोनच प्रश्न ठेवा: भेट झाली का, कोणत्या तारखेला? आणि नागरिकत्वाची खात्री पाकिस्तानला कळवली का, कोणत्या तारखेला? याच दोन प्रश्नांचा माहिती अधिकाराचा अर्जही करा. माणसाच्या जीविताचा आणि स्वातंत्र्याचा प्रश्न असेल, तर 48 तासांत उत्तर द्यावं लागतं. अर्जाच्या सुरुवातीलाच तसं ठळक लिहा. परराष्ट्र संबंधांचं कारण देऊन माहिती नाकारली, तर अपील करा. कुठल्या चर्चेचा तपशील तुम्ही मागत नाही, फक्त भावाविषयीच्या दोन तारखा मागता आहात.

या तारखा हाती आल्या आणि तरीही काही हललं नाही, तर मुंबई उच्च न्यायालयात अनुच्छेद 226 खाली रिट याचिका करता येईल. न्यायालय पाकिस्तानला आदेश देऊ शकत नाही. पण केंद्र सरकारनं ओळख पटवून कळवलं का, भेटीची मागणी केली का, याचा जाब ते विचारू शकतं आणि मुदत घालू शकतं. सरकारी वकील 2008 च्या करारातल्या सुरक्षेच्या अपवादाकडे बोट दाखवतील. त्याला उत्तर आहे. जुलै 2019 मध्ये कुलभूषण जाधव यांच्या खटल्यात आंतरराष्ट्रीय न्यायालयानं सांगितलं, की त्या करारामुळे व्हिएन्ना करारातला दूतावासाच्या भेटीचा हक्क कमी होत नाही. तो खटला भारतानंच लढवला आणि जिंकला. जाधवांसाठी मागितलेला हक्क तलासरीच्या खलाशासाठीही तेवढ्याच जोरानं मागा, असं न्यायालयापुढं ठामपणे म्हणता येईल.

पंजाबच्या सीमेवरचं अटारीचं फाटक बंद आहे, मग सुटून येणार कसा, असं कोणी म्हणालं तर घाबरू नका. मे 2025 मध्ये चुकून पलीकडे गेलेला सीमा सुरक्षा दलाचा जवान त्याच अटारीवरून परत आला. दोन्ही सरकारांनी ठरवलं की फाटक उघडतं.

घरखर्चाचं बघायलाच हवं. अटकेच्या दिवसापर्यंतचा पगार आणि घेतलेली उचल यांचा हिशेब मालकांकडून लेखी मागा. बोट निघताना मत्स्य विभागाकडून मिळालेल्या टोकनवर खलाशांची नावं असतात. त्याची प्रत घ्या, भाऊ त्या बोटीवर होता याचा तो सर्वांत पक्का पुरावा आहे. गुजरात सरकार पाकिस्तानात अडकलेल्या मच्छीमारांच्या घरच्यांना रोजच्या हिशेबानं भत्ता देतं. बोट गुजरातची आहे, म्हणून तिथं अर्ज करा, आणि भाऊ महाराष्ट्राचा म्हणून पालघरच्या मत्स्यव्यवसाय कार्यालयातही करा. एकानं दुसऱ्याकडे बोट दाखवलं, तर ते उत्तर लेखी घ्या. याचिकेत ते लागेल.

आणि वकिलासाठी पैसे लागणार नाहीत. 1987 च्या विधी सेवा कायद्यानुसार स्त्रिया आणि अनुसूचित जमातीच्या व्यक्ती यांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, आणि तुम्ही दोन्हींत बसता. डहाणूच्या न्यायालयात तालुका विधी सेवा समिती आहे, तिथं अर्ज द्या. उच्च न्यायालयाचं काम निघालं तर तिथल्या समितीकडे ते तुमचं प्रकरण पाठवतील. जाताना भावाचं पत्र पाकिटासकट न्या, कारण त्यावरच्या तारखा आणि तुरुंगाचा शिक्का याचिकेला लागेल. त्याच्या दोन प्रती आधी काढून ठेवा आणि मूळ पत्र कोणाच्याही हाती देऊ नका.