स्लॅपस्टिकला ‘धडपडी विनोद’ म्हणावं

प्रश्न असा आहे: मूकपटांतल्या स्लॅपस्टिकला, म्हणजे पडण्या-आपटण्यातून हसवणाऱ्या विनोदाला, मराठीत काय म्हणावं, ‘पाचकळ विनोद’ चालेल का?

‘पाचकळ’ नको. पाचकळपणा बोलण्यातला असतो आणि इथे तर पात्रांचा आवाजच ऐकू येत नाही. ‘माकडचाळे’त तुच्छता आहे. ‘धांगडधिंगा’ जवळचा वाटतो, पण त्याला कसला धरबंध नसतो. स्लॅपस्टिकमध्ये प्रत्येक आपटणं मोजूनमापून बसवलेलं असतं.

‘स्लॅपस्टिक’ हा मूळ शब्द एका वस्तूचा. इटलीच्या कोमेदिया देल्लार्ते या जुन्या नाट्यप्रकारात आर्लेकिनो नावाच्या विदूषकाकडे एका टोकाला जोडलेल्या दोन चपट्या लाकडी पट्ट्या असत. पाठीत हाणलं की पट्ट्या एकमेकींवर आपटून ‘फाट्’ असा मोठा आवाज होई, मार खाणाऱ्याला मात्र फारसं लागत नसे. आवाजासाठीच बनवलेल्या वस्तूचं नाव मूकपटांना चिकटलं, याचं मला फार अप्रूप वाटतं.

माझी पसंती ‘धडपडी विनोद’ला. ‘अंधारात धडपडलो’ म्हणजे ठेच लागून पडलो; ‘घरासाठी धडपडला’ म्हणजे जिवाचं रान केलं. हे दोन्ही अर्थ एकाच क्रियापदात आहेत आणि उत्तम स्लॅपस्टिकमध्येही ते एकत्रच येतात.

मूकपटांतला विनोदी नट बस्टर कीटन याचा १९२० सालचा ‘वन वीक’ हा लघुपट घ्या. नव्या जोडप्याला लग्नाची भेट म्हणून सुट्या भागांचं घर मिळतं. नवरीने नाकारलेला एक जण खोक्यांवरचे आकडेच बदलून ठेवतो. घर वेडंवाकडं उभं राहतं, वादळात भोवऱ्यासारखं गरगरतं आणि शेवटी ओढून नेताना रेल्वेच्या रुळांवर अडकतं. गाडी धडधडत येते आणि शेजारच्या रुळांवरून निघून जाते. हुश्श म्हणावं तोच उलट बाजूने दुसरी गाडी येऊन घराच्या चिंधड्या उडवते. नवरा झालेला कीटन त्या ढिगाऱ्यावर ‘विकणे आहे’ अशी पाटी लावतो, जोडणीच्या सूचनांचा कागदही तिथेच ठेवतो आणि बायकोबरोबर चालू लागतो. त्या चालण्यासाठी तरी मला ‘धडपडी’च हवा.

व्याकरणाचीही अडचण नाही. ‘खटपट’वरून ‘खटपटी’, तसं ‘धडपड’वरून ‘धडपडी’. ‘धडपड्या’ मात्र माणसासाठी राखून ठेवावा. लेखात पहिल्यांदा वापराल तेव्हा शेजारी ‘स्लॅपस्टिक’ लिहा, पुढे नुसतं ‘धडपडी’ पुरेल.