लेव्हल ८० नंतर काय? वाचकांचे प्रश्न आणि उत्तरे

'वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट' या ऑनलाइन खेळाविषयी आलेल्या पत्रांपैकी बहुतेक पत्रे 'द वॉर विदिन' या २६ ऑगस्ट २०२४ रोजी आलेल्या एक्सपान्शनच्या (खेळात भर घालणाऱ्या नव्या भागाच्या) अखेरच्या टप्प्याविषयी, म्हणजे कमाल लेव्हल ८० गाठल्यावर सुरू होणाऱ्या आणि खेळाडू ज्याला एंडगेम म्हणतात त्याविषयी, आहेत. उत्तरेही त्याच एक्सपान्शनच्या काळातील नियमांना धरून आहेत. त्यांतली चार पत्रे या अंकासाठी निवडली आहेत.

प्रश्न : सर, मी दिवसभर वडिलांच्या कृषी सेवा केंद्रात बसतो. रात्री दुकान बंद करून जेवण झाल्यावर दीड तास मिळतो. तेवढ्या वेळात तीन महिन्यांत मुख्य कथा पूर्ण केली आणि माझा पॅलाडिन (खेळातले माझे पात्र) लेव्हल ८० ला पोचला. आता नकाशावर इतकी चिन्हे दिसतात, की सुरुवात कुठून करावी हेच समजत नाही. मित्र म्हणतात, रेड, म्हणजे मोठ्या गटाने मिळून केलेली स्वारी, केल्याशिवाय एंडगेम खेळलो असे म्हणताच येत नाही. शिवाय आमच्याकडे वीज केव्हा जाईल याचा नेम नसतो. मी काय करावे?
– एक वाचक, अंबाजोगाई

उत्तर : आपल्या मित्रांचे म्हणणे एके काळी अगदी बरोबर होते. २००४ मध्ये हा खेळ सुरू झाला तेव्हा 'मोल्टन कोअर' या रेडमध्ये उतरायला ४० माणसे जमवावी लागत आणि ज्याला ती जमवता येत नसत, त्याचा खेळ शेवटच्या लेव्हलला येऊन थांबत असे. २००७ मध्ये ती संख्या २५ आणि १० वर आली. २०११ च्या अखेरीस 'रेड फाइंडर' आला आणि अनोळखी माणसांबरोबर सोप्या पातळीवर रेड पाहता येऊ लागली. २०१६ च्या 'लीजन' या एक्सपान्शनने पाच जणांच्या डंजनला (छोट्या मोहिमेला) रेडच्या बरोबरीचा मान मिळवून दिला. 'द वॉर विदिन'ने त्यापुढचे पाऊल टाकले आणि एकट्या माणसालाही करता येतील अशा छोट्या मोहिमा, 'डेल्व्ह्ज', आणल्या. त्यामुळे आता रेड, डंजन आणि डेल्व्ह असे तीन रस्ते आहेत आणि तिन्ही रस्ते दर आठवड्याला एकाच दाराशी येतात. त्या दाराचे नाव 'ग्रेट व्हॉल्ट', म्हणजे आठवड्याच्या बक्षिसांची तिजोरी.

ही व्हॉल्ट नीट समजून घेतली, तर आपला निम्मा गोंधळ दूर होईल. तिच्यात तीन ओळी असतात आणि प्रत्येक ओळीत तीन घरे. रेडची ओळ २, ४ आणि ६ बॉस (मोठे शत्रू) मारल्यावर, डंजनची ओळ १, ४ आणि ८ डंजन पूर्ण केल्यावर आणि डेल्व्हची ओळ २, ४ आणि ८ डेल्व्ह केल्यावर एकेक घर उघडत जाते. पण नऊच्या नऊ घरे उघडली, तरी आठवडा पूर्ण झाल्यावर त्यांतून वस्तू एकच घेता येते. जो आठवड्यात तीस तास खेळतो त्याला व्हॉल्टमधून मिळणारी वस्तू एक आणि जो चार तास खेळतो त्यालाही एकच. जास्त खेळणाऱ्याला निवडीला वाव जास्त मिळतो, एवढाच काय तो फरक. कमी वेळ असलेल्या माणसाच्या बाजूने खेळाने केलेला हा सर्वांत मोठा विचार आहे असे मी मानतो आणि पुष्कळ नव्या खेळाडूंच्या तो लक्षातच येत नाही.

डेल्व्हच्या एकूण ११ पायऱ्या आहेत. पण आठवी पायरी गाठली, की व्हॉल्टमधील बक्षीस डेल्व्हपुरते कमाल होते आणि ती वस्तू हीरोइक (कठीण) पातळीच्या रेडमधून मिळणाऱ्या वस्तूच्या तोडीची असते. त्यापुढच्या तीन पायऱ्या केवळ कसोटीसाठी आहेत, म्हणून आठवीवर स्थिरावल्यावर गिअरसाठी (शस्त्रे-चिलखतांसाठी) आणखी वर चढण्याचा आग्रह धरू नये. सरावलेल्या हाताला एक डेल्व्ह पंधरा-वीस मिनिटांची असते, म्हणजे आपल्या दीड तासात चार होतात आणि दोन रात्रींत आठ. सोबत ब्रान ब्राँझबीअर्ड हा बुटका शोधक असतोच. त्याला हीलरची (जखमा भरणाऱ्याची) भूमिका द्यावी आणि आपण स्वतः मारायचे काम घ्यावे. त्याची लेव्हल वेगळी वाढते, त्यामुळे पहिले दोन-तीन आठवडे तो कच्चा वाटला तरी धीर सोडू नये. रोज काही डेल्व्ह 'बाउंटिफुल' म्हणून खुणेने दाखवल्या जातात. त्यांच्या शेवटी असलेली मोठी पेटी उघडायला 'रिस्टोर्ड कॉफर की' लागते, म्हणून ती किल्ली खालच्या पायरीवर खर्च करू नये. चौथ्या पायरीपासून पुढे मरण्याची संख्या मर्यादित असते, हेही ध्यानात ठेवावे.

विजेबद्दल आपण लिहिलेत ते मला चांगले ठाऊक आहे. मी लातूरला राहतो. परतीच्या पावसाच्या एका रात्री मी पाच जणांच्या गटात टँक (शत्रूला अंगावर घेणारा) होतो, शेवटचा बॉस वीस टक्क्यांवर आला होता आणि गल्लीतली वीज गेली. फोनवरून त्यांना निरोप पाठवेपर्यंत चौघे मेले होते. त्या रात्रीची खंत अजून जात नाही, कारण त्या चौघांनीही माझ्यासारखाच वेळ काढलेला होता. तेव्हापासून राउटर छोट्या इन्व्हर्टरवर ठेवला आहे आणि आभाळ भरून आलेले दिसले की मी गटात न जाता डेल्व्ह करतो, कारण तिथे वीज गेली तर नुकसान एकट्याचे होते. आपणही हाच नियम ठेवावा.

कथेचा शेवट पाहायची इच्छा असेल, तर 'नेरुबार पॅलेस' या पहिल्या रेडमधील राणी अन्सुरेकची लढाई 'स्टोरी मोड'मध्ये एकट्याने खेळता येते. त्यासाठी कोणत्याही गिल्डची (खेळाडूंच्या कायमच्या गटाची) वाट पाहण्याची गरज नाही.

प्रश्न : महोदय, माझा मुलगा १९ वर्षांचा असून अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. आठवड्यातून दोन रात्री तो साडेअकराला कॉम्प्युटरसमोर बसतो आणि अडीच वाजेपर्यंत उठत नाही. पाणी प्यायला बोलावले तरी 'आई, आत्ता उठता येत नाही, रेड चालू आहे' असे म्हणतो. खेळ थोडा वेळ थांबवता येत नाही, असे कसे असू शकते? आणि हे सगळे रात्रीच का?
– एक आई, नांदेड

उत्तर : ताई, मुलगा आपल्याला खरे तेच सांगतो आहे. रेड म्हणजे दहा ते तीस जणांनी मिळून केलेली स्वारी असते आणि 'मिथिक' या सर्वांत कठीण पातळीवर तर गट वीस जणांचाच ठरलेला असतो. प्रत्येकाला नेमून दिलेले काम असते. कोणी बॉसला अंगावर घेतो, कोणी जखमा भरतो, कोणी ठरलेल्या सेकंदाला ठरलेल्या जागी उभा राहतो. एक जण उठला तर उरलेल्यांची दहा मिनिटांची मेहनत वाया जाते. आपल्याकडे पेरणी-काढणीच्या दिवसांत सावड करतात, आज चार घरची माणसे आपल्या शेतात आणि उद्या तीच चार घरे शेजाऱ्याच्या शेतात, तशीच ही सावड आहे. गेल्या आठवड्यात त्याला काही मिळाले असेल, तर या आठवड्यात दुसऱ्याला मिळावे म्हणून त्याला बसावे लागते. सावडीतून मधेच उठणाऱ्याला गावात काय म्हणतात, हे आपल्याला सांगायला नको.

मात्र दोन गोष्टी त्याने बहुधा सांगितलेल्या नाहीत. एका वेळची लढाई चार-पाच, फार तर दहा मिनिटांची असते आणि दोन लढायांच्या मधे उभे राहून पाणी पिण्याइतका वेळ नक्की मिळतो. बहुतेक गिल्ड रात्रीतून एकदा दहा मिनिटांची मध्यंतरही घेतात. त्यामुळे 'आत्ता उठता येत नाही' हे खरे आहे, पण 'तीन तास उठता येत नाही' हे खरे नाही.

रात्रीचे कारण घड्याळात आहे. तो युरोपच्या सर्व्हरवर खेळत असावा. मध्य युरोपातील संध्याकाळचे आठ म्हणजे उन्हाळ्यात आपल्याकडचे साडेअकरा आणि ऑक्टोबरअखेरीस तिकडची घड्याळे मागे गेली की साडेबारा. म्हणजे दिवाळीच्या सुमारास हीच रेड साडेबारा ते साडेतीन होईल आणि याविषयी मला आपल्या बाजूने बोलावेसे वाटते. सकाळी नऊला कॉलेज असलेल्या मुलाने आठवड्यातून दोनदा साडेतीनला झोपणे मला मान्य नाही आणि त्यासाठी खेळ सोडण्याचीही गरज नाही. शनिवार-रविवारी तिकडच्या दुपारी रेड करणाऱ्या गिल्ड असतात. तिकडचे दुपारचे तीन म्हणजे आपल्याकडची संध्याकाळ, उन्हाळ्यात साडेसहा आणि हिवाळ्यात साडेसात. ऑस्ट्रेलियाकडचे सर्व्हर आपल्या दुपारी जागे असतात, पण तो विभाग वेगळा आहे आणि युरोपातले कॅरेक्टर तिकडे नेता येत नाही. दोन वर्षे वाढवलेले कॅरेक्टर सोडून दे असे मी कोणत्याही मुलाला सांगणार नाही, म्हणून वेळ बदललेली गिल्ड शोधणे हाच मार्ग मला योग्य वाटतो. आपण त्याच्याकडे रेडचे वार आणि संपण्याची वेळ लिहून मागा. गिल्डमध्ये ते वेळापत्रक आधीच ठरलेले असते, त्यामुळे ते देता येत नाही असे तो म्हणू शकणार नाही. आणि वेळा अमावास्येला शेतात जायचे असेल किंवा घरी काही कार्य असेल, तर आठवडाभर आधी कळवल्यास गिल्ड दुसरा माणूस उभा करते. सावडीत हे चालते, न सांगता दांडी मारणे चालत नाही.

प्रश्न : मी हंटर (शिकारी) खेळतो. मिथिक प्लस डंजनसाठी (वेळ लावून खेळायच्या कठीण डंजनसाठी) गटात अर्ज करतो, पण तास-तास कोणी घेत नाही. पिंगही (सर्व्हरकडून उत्तर यायला लागणारा वेळ) दीडशे मिलिसेकंदांच्या आसपास असतो. क्लास (पात्राचा प्रकार) बदलून टँक घ्यावा का?
– एक वाचक, परभणी

उत्तर : गट पाच जणांचा असतो: एक टँक, एक हीलर आणि तीन डीपीएस, म्हणजे मारा करणारे. हंटरची तिन्ही रूपे डीपीएसचीच असल्यामुळे आपण सर्वांत लांब रांगेत उभे आहात, यात आपल्या खेळाचा दोष नाही. पण केवळ रांग चुकवण्यासाठी टँक घेऊ नये. टँकला डंजनचा रस्ता पाठ असावा लागतो आणि चूक झाली की सगळ्यांच्या नजरा त्याच्याकडे वळतात. ज्याला ते ओझे आवडते त्यानेच ते उचलावे.

आपण दुसऱ्याच्या दारात उभे राहण्याऐवजी स्वतःच्या कीस्टोनवर (डंजनची पातळी ठरवणाऱ्या किल्लीवर) गट काढा. निवड करण्याचा अधिकार मग आपल्याकडे येतो आणि टँक-हीलर आपल्याकडे अर्ज करतात. वेळेत डंजन संपले तर कीस्टोन एक ते तीन पायऱ्यांनी वाढतो, उशीर झाला तर एका पायरीने घटतो. हे घटणे मनाला लावून घेऊ नये, कारण वेळ चुकली तरी व्हॉल्टसाठी ते डंजन मोजले जाते. दुसऱ्याच्या गटात अर्ज करताना आपला पाळीव प्राणी 'प्रायमल रेज' (सगळ्या गटाचा वेग थोडा वेळ वाढवणारी क्षमता) देऊ शकतो हे एका ओळीत लिहावे. ज्या गटात शामन, मेज किंवा इव्होकर या क्लासचे कोणी नसेल त्याला याची फार गरज असते.

पिंगची भीती अर्धी काढून टाकतो. चालू क्षमता संपण्याआधीच पुढची दाबून ठेवण्याची सोय खेळात आहे आणि त्यासाठी मूळची मर्यादा ४०० मिलिसेकंदांची असते. तेव्हा एकसारखा दीडशे पिंग आपल्या माऱ्याचा वेग फारसा कमी करत नाही. अडचण होते ती शत्रूचा मंत्र तोडताना. तिथे इतरांपेक्षा थोडे आधी दाबायची सवय लावावी. मोबाईलच्या हॉटस्पॉटवर पिंग खाली-वर होत असेल, तर मात्र त्या दिवशी वरच्या पातळीचे कीस्टोन घेऊ नयेत.

प्रश्न : वर्षभर राबून मिळवलेले गिअर पुढच्या एक्सपान्शनला वाया जाते असे ऐकले. खरे आहे का?
– एक वाचक, जालना

उत्तर : खरे आहे आणि त्यासाठी एक्सपान्शनची वाट पाहावी लागत नाही. 'द वॉर विदिन'च्या पहिल्या सीझनमध्ये मिथिक रेडच्या वस्तू जास्तीत जास्त ६३९ आयटम लेव्हलपर्यंत (वस्तूच्या ताकदीच्या आकड्यापर्यंत) नेता येत होत्या. २०२५ च्या वसंतात दुसरा सीझन आणि 'लिबरेशन ऑफ अंडरमाइन' ही रेड आली, तेव्हा आठव्या पायरीच्या डेल्व्ह एकट्याने करणाऱ्यालाही व्हॉल्टमधून ६४९ ची वस्तू मिळू लागली. वीस जणांनी महिनोन्‌महिने झगडून मिळवलेले चिलखत एका एकट्या खेळाडूने दोन रात्रींत मागे टाकले. मला स्वतःला याचे दुःख झाले नाही, कारण त्यामुळेच उशिरा आलेला माणूस सर्वांबरोबर उभा राहू शकतो. पण आपण गिअर हीच कमाई मानत असाल, तर दुःख होईल.

जे टिकते ते वेगळे आहे. वाहने, चिलखतांची रूपे आणि अचीव्हमेंट कायम राहतात. पुढची रेड येण्याआधी हीरोइक पातळीवर शेवटचा बॉस मारला, तर 'अहेड ऑफ द कर्व्ह' हे अचीव्हमेंट मिळते आणि मुदत संपल्यावर ते पुन्हा कोणालाही मिळत नाही. आठवड्यातून एक रात्र देऊ शकणाऱ्या माणसाने डोळ्यांसमोर ठेवण्यासारखे ते ध्येय आहे.

आणि गिअरची ही चढती शिडीच आपल्याला मान्य नसेल, तर 'गिल्ड वॉर्स २' हा दुसरा ऑनलाइन खेळ पाहावा. तो २८ ऑगस्ट २०१२ रोजी आला तेव्हा कमाल लेव्हल ८० होती आणि एकामागून एक एक्सपान्शन येऊनही ती ८० च राहिली. २०१३ च्या डिसेंबरमध्ये आलेले 'असेंडेड' दर्जाचे चिलखत ज्याने तेव्हा घडवले, त्याचे आकडे नंतरच्या कोणत्याही एक्सपान्शनने मागे टाकलेले नाहीत. दरमहा पैसे भरावे लागत नाहीत आणि मूळ खेळ विनामूल्य सुरू करता येतो, त्यामुळे आधी तो महिनाभर खेळून मग ठरवावे.