उत्तर युरोपातल्या सामी या मूळनिवासी लोकांची योइक गायकी आज खरंच कुणी गातं का, की ती आता फक्त जुन्या रेकॉर्डिंगमध्येच उरली आहे?

गातात, आणि जोरात गातात. नॉर्वेतल्या कौतोकेइनो गावात दर ईस्टरला सामी ग्रां प्री नावाची स्पर्धा भरते, तिच्यात योइकचा स्वतंत्र विभाग असतो. २०१९च्या युरोव्हिजन या युरोपीय गाण्यांच्या स्पर्धेत केइनो या नॉर्वेच्या चमूच्या गाण्यात योइक होतं आणि प्रेक्षकांची सर्वाधिक मतं त्यालाच पडली. पण हा बहुतेक सगळा उत्तर सामी भाषा बोलणाऱ्यांचा गाजावाजा.

तुम्ही जुन्या रेकॉर्डिंगचा विषय काढलात म्हणून मी नाव घेईन मार्या मॉर्टेन्सनचं. ही दक्षिण सामी गायिका, नॉर्वेच्या एंगरदाल भागातल्या रेनडिअर पाळणाऱ्या घरातली. दक्षिण सामी भाषा बोलणारे आता काही शेच उरलेत. धर्मप्रसारकांनी योइकला चेटूक ठरवलं, पुढे शाळांनी मुलांवर नॉर्वेजियन लादली. आजीकडून नातीकडे गाणं जाण्याची वाट जवळपास बुजली. तेव्हा मार्याने अभिलेखागारं गाठली. कार्ल टिरेन या स्वीडिश रेल्वे कर्मचाऱ्यासारख्या लोकांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला फोनोग्राफ घेऊन गावोगाव हिंडून मेणाच्या नळकांड्यांवर योइक उतरवून ठेवले होते. अशा नोंदी नसत्या तर दक्षिणेकडचं किती उरलं असतं, कोण जाणे.

आता खरी अडचण. योइक एखाद्या माणसाचं, प्राण्याचं किंवा डोंगराचं असतं. चाल छोटी, शब्द थोडे, बाकी निरर्थक अक्षरं. ती चाल घोळवत राहायची, ठरावीक सुरुवात-शेवट नाही. गाणारा दर वेळी ती थोडी वळवतो. रेकॉर्डिंगमध्ये त्यातली एकच वेळ पकडलेली असते. तीच हुबेहूब गायली तर माझ्या मते ते गाणं जिवंत राहत नाही, त्याची प्रत तेवढी निघते. मार्या जुन्या चाली आपल्या गळ्यातून पुन्हा घडवते आणि स्वतःचे नवे योइकही रचते.

२०१८चा तिचा ‘मोइह्तेस्तासे’ हा अल्बम आधी ऐका. त्याला नॉर्वेचा स्पेलेमन पुरस्कार मिळालाय. साथीला डॅनियल हेर्स्केडालचा ट्युबा! वरातीच्या बँडवाल्यांच्या खांद्यावर दिसतं तसलं अवाढव्य पितळी वाद्य. पण जमतं. गिटार किंवा कीबोर्ड आले की योइकचे अधलेमधले स्वर सरळ करून टाकतात, ट्युबा खाली लांब श्वास धरून बसतो आणि गळ्याला मोकळं सोडतो.

नंतर फिनलंडचा विम्मे सारी. हा फिनिश रेडिओत ध्वनितंत्रज्ञ होता, तिथल्याच संग्रहात त्याला आपल्या नातलगांचे योइक सापडले. तो इलेक्ट्रॉनिक संगीतासोबत गातो; सगळ्यांना रुचेलच असं नाही.

ऐकताना तीच ओळ परत आली म्हणून पुढे ढकलू नका. तिसऱ्या-चौथ्या फेरीला स्वर कुठे वाकवलाय, तिथे कान द्या.