हेटमान लिहिताना कोणता, ते आधी ठरवा

पोलंडच्या उमराव घराण्यांची टिपणं काढताना ‘हेटमान’ (सेनापती) दिसला की थांबा. पदं चार होती: पोलंडचा महा-हेटमान, त्याच्या हाताखालचा रण-हेटमान, आणि तशीच जोडी पोलंडशी एका राज्यात जोडलेल्या लिथुआनियाची. स्तानिस्वाफ झुवकियेव्स्की १६१० साली क्लुशिनोची लढाई जिंकला तेव्हा रण-हेटमानच होता. महा-हेटमान झाला १६१८ मध्ये. नंतरचं मोठं पद मागच्या लढाईला चिकटवणं, ही सगळ्यात घातक चूक.

पद वंशपरंपरागत नव्हतं. यान झामोयस्कीपासून (१५८१) तहहयात मिळू लागलं. सिनेटमधली जागा मात्र बराच काळ त्याने मिळत नसे, ती व्हॉयव्होडा (प्रांताधिकारी), कॅस्टेलन (त्याखालचा अधिकारी) किंवा चान्सलर अशा मुलकी पदामुळे मिळे. म्हणून लष्करी आणि मुलकी पदं वेगळ्या रकान्यांत, प्रत्येकापुढे नेमणुकीचं साल घालून लिहा.